आवाजाच्या रोखाने काढलेले फोटो

कॅमेरा दुरुस्तीला आला की मी तो आधी कानाला लावतो. गिऱ्हाईकं हसतात. त्यांना वाटतं, म्हातारा नाटकं करतोय. पण ऑटोमॅटिक कॅमेऱ्याचं दुखणं डोळ्यांना दिसत नाही, ते ऐकू येतं. बटण सरकवलं की भिंग पुढे येताना झुर्र करतं. फ्लॅश भरताना अगदी बारीक शीळ ऐकू येते. फोटो निघाला की आतली मोटर रोल पुढे ओढते, तेव्हा पोट भरलेल्या मांजरासारखी घुरघुर होते. यातला एखादा आवाज लांबला, बसला किंवा आलाच नाही, की समजायचं कुठे हात घालायचा ते.

माझं घर लालबागला आणि नोकरी गिरगावात, ठाकुरद्वारच्या बाजूला एका फोटोच्या दुकानात. सारा जन्म तिथेच गेला. रोल धुणं, प्रिंट काढणं आणि कॅमेरे उघडणं, या तिन्ही कामांत माझा हात कॅमेऱ्यावर जास्त बसला. त्यातही मोठे, लेन्स बदलायचे कॅमेरे मला फारसे मिळाले नाहीत, ते सीनियर लोक घ्यायचे. माझ्या वाटणीला आले हे ऑटोमॅटिक. खिशात मावणारे, रोखा आणि दाबा एवढंच मागणारे. लग्नाचे फोटोग्राफर त्यांना साबणाची वडी म्हणायचे. मीही म्हणायचो. पण मुंबईतल्या साध्या घरांचे वाढदिवस, बारशी, माथेरानच्या सहली या साबणाच्या वड्यांनीच टिपल्या, हे मला रोल धुता धुता दिसत होतं.

मग मोबाईल आले आणि हे कॅमेरे कपाटांत गेले. मालकांनी दुकानाची पुढची बाजू मोबाईलच्या कव्हरांना दिली. मी रिटायर झालो तरी मागच्या खिडकीपाशी माझं टेबल मात्र त्यांनी राहू दिलं. "बसा हो केळुसकर, घरी काय करणार?" म्हणाले. मी बसलो. काम जवळजवळ नव्हतंच. दुपारी खिडकीतून ऊन टेबलावर यायचं, स्क्रू ठेवायच्या बशीत चमकायचं आणि निघून जायचं. मी त्याच्याकडे बघत बसायचो.

आणि अलीकडे, का कोण जाणे, हे कॅमेरे पुन्हा येऊ लागले. आईबापांच्या कपाटांतून मुलांनी ते शोधून काढले. दादरहून एक कॉलेजची मुलगी आली. मी तिच्या कॅमेऱ्यात रोल घालून दिला. तिने माझ्या खिडकीचा एक फोटो काढला आणि लगेच कॅमेरा उलटा करून पाठीमागे बघितलं.

"अंकल, दिसत नाहीये."

"दिसणार नाही. थांबायचं."

"किती?"

"रोल संपेपर्यंत."

ती स्टुलावर बसलीच. पुढे प्रिंट न्यायला आली तेव्हा अर्ध्या माणसांची डोकी कापली गेली होती आणि बाकीच्यांवर धुक्यासारखं काहीतरी पसरलं होतं. म्हटलं, आता ही रडणार. तर ती म्हणते, "अंकल, स्वप्नात दिसतं ना, सेम तसं आलंय!"

लालबागचे माझे एक ओळखीचे गृहस्थ फोटोच्या कोपऱ्यात तारीख छापणारा कॅमेरा घेऊन आले. त्यातल्या कॅलेंडरची वर्षं केव्हाच संपली होती आणि ते गोल फिरून पुन्हा सुरुवातीच्या वर्षावर जाऊन बसलं होतं. मी म्हटलं, आता ही दुरुस्त व्हायची नाही, हवं तर तारीख छापणंच बंद करतो. त्यांनी ते साल बघितलं. म्हणाले, "राहू दे. त्या साली आई होती." अजून त्यांच्या नातवंडांच्या फोटोंवर तेच साल उमटतं.

अशी माणसं. पण मला सांगायचं आहे ते फिलोमिना टीचरबद्दल.

त्या आल्या तेव्हा दुपारची वेळ होती आणि खिडकीतलं ऊन टेबलावर पोचलं होतं. खोताच्या वाडीत राहणाऱ्या, गिरगावातल्याच एका शाळेत मुलांना गणित शिकवून निवृत्त झालेल्या. फुलाफुलांचा फ्रॉक, पांढरे केस मागे घट्ट बांधलेले. भाचीच्या कोपराला धरून चालत होत्या. भाचीचं नाव रिबेका. आईबाप लहानपणीच गेल्यामुळे ती टीचरांकडेच वाढलेली. टीचरांनी स्वतः लग्न केलेलं नव्हतं.

त्यांनी पर्समधून कॅमेरा काढून माझ्यापुढे धरला. टेबलाच्या थोडा डावीकडे, जिथे मी नव्हतो.

"केळुसकर तुम्हीच ना? याचा आवाज बसलाय."

इतक्या वर्षांत गिऱ्हाईकाच्या तोंडून हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं. लोक 'चालत नाही' म्हणतात. मी कॅमेरा कानाला लावला. मोटर खरंच घोगरी झाली होती. आतलं तेल वाळून चिकट झालं होतं आणि एका प्लास्टिकच्या चाकाचे दात झिजले होते. या कॅमेऱ्यांचे सुटे भाग आता कुठे बनत नाहीत. एकाला जगवायचं तर दुसरा मोडावा लागतो. माझ्या खणात तसे मोडायला ठेवलेले बरेच आहेत, आणि तो खण उघडताना मला आजही बरं वाटत नाही. मी त्यातल्या एकाचं चाक काढून टीचरांच्या कॅमेऱ्यात बसवलं आणि चालवून दाखवला. त्यांनी मान तिरकी करून ऐकलं.

"हां. आता नीट बोलतोय."

त्यांना काचबिंदू होता. नळीतून बघावं तसं मधोमध थोडंसं दिसायचं, आणि ती नळी बारीक होत चालली होती. डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं की आता गेलेलं परत यायचं नाही. मग फोटो कशाला, हे माझ्या ओठांवर आलं होतं. मी बोललो नाही, पण शाळेत मुलांच्या न विचारलेल्या शंका ओळखायची सवय असणार त्यांना.

"मोबाईल दिलाय हिने मला," त्या म्हणाल्या. "काचेवर बोट फिरवते, काय दाबलं, काय नाही, काही कळत नाही. हा कसा, उघडला की सांगतो उघडलो, काढला की सांगतो काढला. माझा भाऊ जहाजावर होता, त्याने आणला होता हा. तेव्हा मला कधी हात लावू दिला नाही त्याने. आता तो नाही, तर मी मालकीण."

"पण काढलेले फोटो..." मी शेवटी म्हणालोच.

"ते दुसरे बघतील. मला सांगतील." मग म्हणाल्या, "आणि एक गोष्ट आहे. डोळे गेलेल्या माणसाकडे लोक बघत नाहीत, केळुसकर. बाजूच्याशी बोलतात. 'यांना साखर चालते का?' असं हिला विचारतात, मी समोर असून. पण हातात कॅमेरा घेतला की सगळे माझ्याकडे बघतात. केस नीट करतात. गप्प होतात. ते मला कळतं."

त्यांना रोल स्वतः भरायला शिकायचं होतं. मी दुकान सोडून कुणाच्या घरी शिकवायला कधी गेलो नव्हतो, पण खोताच्या वाडीत गेलो. लाकडी घर, पुढे ओटी, बाहेरून वर जाणारा जिना आणि खिडकीला रंगीत काचा. दुपारी त्या काचांतून ऊन आत यायचं आणि जमिनीवर लाल, हिरवे तुकडे पडायचे. टीचर त्यांच्यावर पाय ठेवून बसायच्या. गिरगावचा रस्ता इतक्या जवळ असून तिथे फक्त पंख्याचा आवाज येई.

अंधारात काम करणं मला नवीन नव्हतं. कॅमेऱ्यात रोल अडकला की आम्ही बाह्या असलेल्या काळ्या पिशवीत कॅमेरा घालतो, बाह्यांतून हात आत सरकवतो आणि नुसत्या बोटांनी काम करतो. म्हणून टीचरांना शिकवताना मीही डोळे मिटले. आम्ही दोघं डोळे मिटून समोरासमोर बसलेलो पाहून रिबेका चहा आणता आणता दारातच हसायची.

"डबी डावीकडे. आता जीभ ओढा," मी म्हणायचो. रोलचं जे टोक बाहेर आलेलं असतं त्याला आम्ही जीभ म्हणतो. "उजव्या कडेपर्यंत. जास्त नको. झाकण लावा. आता ऐका."

मोटर फिरायची. जीभ पकडली गेली असेल तर तिच्या आवाजाला वजन असतं, विहिरीतून भरलेली कळशी ओढताना रहाटाला असतं तसं. नसेल पकडली तर ती मोकळी, हलकी फिरते. नवे कॅमेरे अशा वेळी आकडा लुकलुकवून सांगतात. हा जुना होता. तो बापडा रिकामाही फोटो काढत राहायचा.

"हा भरलेला," टीचर म्हणायच्या. "हा रिकामा." पुढे पुढे त्या चुकेनाशा झाल्या.

फोटो त्या आवाजाच्या रोखाने काढायच्या. समोरच्याला म्हणायच्या, "बोलत राहा." माणूस बोलायला लागला की कॅमेरा छातीशी धरून त्याच्याकडे वळायच्या आणि दाबायच्या. त्यामुळे त्यांच्या फोटोंत कुणाचंही तोंड मिटलेलं नाही. शेजारची बाई सुरमईचा भाव सांगतेय, पाववाला कुणाला तरी हाक मारतोय, रिबेका फोनवर भांडतेय. कुठे हनुवटी मधोमध आणि वर नुसतं आकाश, कुठे माणूस कडेला आणि बाकी जिन्याचा कठडा. दुकानात मी ते प्रिंट टेबलावर पसरून ठेवायचो तेव्हा माझी दुपार कुठल्या कुठे जायची. एवढी माणसं एकाच वेळी बोलताहेत आणि खोली मात्र शांत.

मग ते प्रिंट घेऊन टीचर ओटीवर बसायच्या. येणाऱ्या-जाणाऱ्याला बोलवायच्या. "सांगा बघू, यात काय आहे?" एकाला त्यात शेजारणीचं नवं मंगळसूत्र दिसायचं, दुसऱ्याला मागच्या भिंतीवरचं मांजर, तिसरा म्हणायचा, ही हसत नाहीये हो, रडू दाबतेय. पूर्वी जिन्याखालून नुसती मान हलवून जाणारी माणसं आता वर येऊन टेकायला लागली होती. टीचरांची नळी तोवर मिटत आली होती. उजेड आणि सावली एवढंच उरलं होतं.

रिबेकाचं लग्न ठरलं. मुलगा माझगावचा, नोकरी कॅनडात. लग्न झालं की दोघं जाणार. टीचर मला ही बातमी सांगायला स्वतः दुकानात आल्या. "चांगलं झालं," म्हणाल्या, आणि मग कॅमेऱ्याच्या झाकणावरून बराच वेळ अंगठा फिरवत राहिल्या.

लग्नाच्या आदल्या दिवशी त्यांच्यात, मुंबईच्या जुन्या ख्रिस्ती घरांत, उंबराचं पाणी असतं. बायका लुगडी नेसून, वाजतगाजत विहिरीवर जातात आणि नवरीला अंघोळ घालायला पाणी आणतात. मला बोलावणं होतं. मी गेलो, पण गर्दीत मागेच उभा राहिलो. बँड वाजत होता. टीचर लाल लुगडं नेसल्या होत्या, गळ्यात सोनं, आणि हातात कॅमेरा. त्या "बोला, बोला" म्हणत माणसामाणसांतून फिरत होत्या. म्हाताऱ्या बायका त्यांच्यासाठी थांबत होत्या, एकमेकींच्या खांद्यावर हात ठेवत होत्या. बँडच्या त्या गलक्यात त्या कुणाचा आवाज कसा वेचून काढत होत्या, देव जाणे.

लग्नानंतर थोड्या दिवसांनी रिबेका एकटीच दुकानात आली. "अंकल, हा रोल परत गुंडाळत नाहीये. आँटी म्हणाली, तुमच्याकडे दे."

मी कॅमेरा काळ्या पिशवीत घातला, बाह्यांत हात सरकवले आणि झाकण उघडलं. बोटांना लगेच कळलं. रोल जसा भरला होता तसाच होता. जीभ पकडलीच गेली नव्हती. एकही फोटो निघाला नव्हता.

रिबेकाने माझा चेहरा बघितला. "काय झालं?"

मी सांगितलं. ती स्टुलावर बसली. पाणी आणायच्या त्या दिवशी सकाळी टीचर रोल भरायला बसल्या होत्या, आणि ही म्हणाली होती, आँटी, दे इकडे, मी भरते, तुला लुगडं नेसायचंय अजून. तिने घाईघाईत भरला होता.

"मी जाणार आता, अंकल," ती म्हणाली. "तिच्याकडे हेच राहणार होतं." मग डोळे पुसून हळूच म्हणाली, "तुमच्याकडे दुसरे कुठले प्रिंट असतील ना? कुठल्याही लग्नाचे. मी माझ्या फोनमधले लग्नाचे फोटो बघून सांगेन तिला काय काय आहे ते. तिला काय कळणार?"

कोणी घेऊन न गेलेले प्रिंट माझ्या दुसऱ्या खणात पुष्कळ होते. मी खरंच खणाकडे बघितलं. पोरगी वाईट नव्हती, प्रेमानेच बोलत होती. पण मला त्या ओटीवरची टीचरांची बोटं आठवली, प्रिंटच्या कडेवरून फिरणारी, आणि माझ्याच्याने खण उघडवेना.

"तू चल माझ्याबरोबर," मी म्हटलं. "काय बोलायचं ते तिथे बघू."

आम्ही गेलो तेव्हा टीचर रंगीत उन्हात पाय ठेवून बसल्या होत्या. मी रिकाम्या हाताने त्यांच्यासमोर बसलो. रिबेकानेच सुरुवात केली.

"आँटी, फोटो मस्त आलेत. पहिला विहिरीचा. लिली आँटी पुढे आहे, तिच्या हातात कळशी... मग... मग बँडवाले..." आणि ती थांबली.

पंखा फिरत होता. टीचरांनी हात पुढे केला आणि तिचा गुडघा शोधून त्यावर ठेवला.

"काय गो बाय, रोल लागलाच नव्हता ना?"

रिबेका रडायला लागली.

"मला विहिरीवरच कळलं," टीचर म्हणाल्या. "मोटर हलकी फिरत होती. शिवाय रोल संपतच नव्हता. लग्नघरात एखादी वस्तू कितीही वापरली तरी संपत नसेल, तर समजावं काहीतरी चुकतंय."

"मग थांबली का नाहीस? मी पुन्हा भरला असता."

"तू नवरी. बँड वाजतोय, सगळ्या जणी माझ्यासाठी उभ्या राहिल्यात. त्यांना म्हणू, जा, मशीन रिकामं आहे?" त्या हसल्या. "आणि तू काय घाबरत घाबरत सांगतेस? लिलीच्या हातात कळशी नव्हती. कळशी शेजारणीकडे होती, लिलीच्या हातात नुसता पंखा. ती मला म्हणाली, फिलो, घाम येतोय, लवकर काढ. मग बँडवाले. क्लॅरिनेटवाल्याने माझ्यासाठी एक सूर धरून ठेवला, मी दाबेपर्यंत सोडला नाही. मग तू आलीस. तू काहीच बोलत नव्हतीस. मी म्हटलं, बोल ना, कुठे आहेस? तर तू म्हणालीस, 'आँटी, मला जायचं नाहीये.'"

रिबेका रडायची थांबली होती.

"तो मी काढला," टीचर म्हणाल्या. "मोटर रिकामी फिरतेय हे माहीत असून काढला."

नंतर त्या किती तरी वेळ सांगत होत्या. कोणाच्या आवाजात हसू होतं, कोणी दातांत पिन धरून बोलत होतं, कोणत्या म्हातारीने फोटोसाठी म्हणून नवरा गेल्यावर कितीतरी वर्षांनी त्याचं नाव घेतलं. रिबेका मधेच म्हणे, हो, तेव्हा ती पिवळ्या लुगड्यात होती, आणि टीचर ते पिवळं घेऊन पुढे जात. उन्हाचे तुकडे जमिनीवरून भिंतीवर चढले. मी एवढे फोटो धुतले आयुष्यात, पण त्या दुपारी जितके बघितले तितके नाही.

रोल कोराच होता, वाया गेलेला नव्हता. रिबेका निघायच्या आदल्या दिवशी टीचरांनी तो स्वतः भरला. मोटर जड फिरली तशी त्यांनी माझ्या दिशेने मान डोलावली. रिबेका आणि तिचा नवरा घरातल्याच कपड्यांत जिन्यावर बसले. सामान बांधण्यावरून दोघांचं काहीतरी चाललं होतं, तसंच चालू असताना टीचरांनी दारातल्या खुर्चीवरून फोटो काढले. मग म्हणाल्या, "केळुसकर, आता तुम्ही."

"मी?"

"मग काय, मीच तुमच्याकडून कायम दुरुस्त करून घेऊ? उभे राहा."

खरं सांगतो, जन्मभर फोटोच्या धंद्यात राहून माझे स्वतःचे फोटो लग्नातले आणि ओळखपत्रावरचे, बाकी बोटावर मोजण्याइतके. मी जिन्यापाशी उभा राहिलो. हात कुठे ठेवावेत कळेना.

"बोला."

"काय बोलू?"

"ऊन कुठंय आत्ता?"

मी बघितलं. "कठड्यावर आहे. खाली उतरतंय. लाल तुकडा तुमच्या खुर्चीच्या पायाशी आलाय, टीचर. आता तुमच्या पावलावर..."

क्लिक झालं. घुरघुर झाली.

रिबेका गेली. आठवड्याभराने मी प्रिंट घेऊन टीचरांकडे गेलो. जिन्यावर बसलेल्या दोघांचे फोटो त्यांना सांगून झाले. मग शेवटचा प्रिंट त्यांच्या हातात गेला.

"यात कोण?"

दुसऱ्यांचे फोटो सांगणं वेगळं. मी जरा घसा साफ केला. "एक म्हातारा आहे. कडेला गेलाय, एक कान कापलाय. शर्टाचं एक बटण चुकीच्या काजात आहे. खाली कशाकडे तरी बोट दाखवतोय."

"आणि चेहरा?"

मी प्रिंट त्यांच्या हातातून घेऊन खिडकीपाशी नेला. पुष्कळ वेळ बघितला.

"खुशीत आहे," मी म्हणालो, आणि माझं मलाच नवल वाटलं.

"वाटलंच," टीचर म्हणाल्या. "आवाजच तसा येत होता."